पडला कुठे? हा बघा, उभा आहे

बा, तू मैदानात शिरलासच कशाला? आणि कळलं नाही असं सांगू नकोस. चुन्याची पांढरी रेघ होती. सगळी मुंबई त्या रेघेबाहेर उभी राहून बोंबलत होती, एकालाही आत जावंसं वाटलं नाही. तुलाच कसं वाटलं? तू गेल्यालाही आता कितीतरी पावसाळे झाले, तरी माझं हे भांडण चालूच आहे. आज दुपारी काकाने त्याचं उत्तर दिलं. तेव्हापासून मी ओटीवर बसून लिहितोय, हात थांबत नाही. तुला वाचता येत नव्हतं. जव्हारच्या दरबारात शिपाई असताना पगाराच्या कागदावर अंगठाच उठवायचास. पण दुसरं काय करू?

त्या साली फुटबॉलमध्ये आमचं कॉलेज जिंकतच सुटलं होतं. भर पावसात, अनवाणी, गुडघाभर चिखलात. शहरातली पोरं घसरायची आणि मी पळायचो. लहानपणापासून भाताच्या खाचरात तुझ्यामागे चिखलणी केलेले पाय ते, त्यांना चिखलाचं काय? प्रोफेसर म्हणायचे, "हा जव्हारचा प्राणी कोरड्यात साधारण आहे, ओल्यात राक्षस." मला ते फार आवडायचं. राक्षसच होतो ना आपण, घराण्याने! होस्टेलात पोरं जमली की मी बोहाड्याचं सांगायचो. आमच्या गावची माणसं लाकडी तोंडं बांधून देव होतात, राक्षस होतात, नाचतात. सोंगं घराघराला वाटून दिलेली, आणि आमच्या घरात दहा तोंडांचा रावण. माझा आजा रावण, माझा बाप रावण. पोरं हसायची. मग सेमीफायनलच्या दिवशी रावण स्वतःच आला. खोडाळ्याहून इगतपुरीपर्यंत चालत, तिथून आगगाडीने, काखेत फडक्यात बांधलेल्या नागलीच्या भाकरी. मला दिसलास तेव्हा मॅच सुरू झाली होती. गोलच्या शेजारी, डोक्यावर दरबारचा फेटा, भिजून कानावर आलेला. मला बरं वाटलं होतं, बा. खरंच.

आतासुद्धा डोळ्यांपुढे तसंच आहे. दोन्हीकडे एकेक गोल. शेवटची काही मिनिटं. बॉल माझ्या पायात, समोर फक्त गोलकीपर, आणि त्यांचा तो आडदांड फुलबॅक मागून येऊन माझे दोन्ही पाय उडवतो. सरळसरळ पेनल्टी. मी पडतोय, रेफरी शिट्टी तोंडाशी नेतोय, आणि कोणीतरी मागून माझ्या काखेत हात घालतं. चिखलाला टेकायच्या आत मी वर. छाती माझ्या पाठीला, तोंडाला तंबाखूचा वास, आणि कानात तुझा आवाज, "धरला! धरला!" एवढ्या लांबून तू कधी धावलास, कसा धावलास? रेफरीने शिट्टी वाजवली ती तुझ्यासाठी, परका माणूस आत आला म्हणून. आमचा कॅप्टन पेनल्टी पेनल्टी करून ओरडतोय, आणि त्यांचा फुलबॅक कमरेवर हात ठेवून म्हणतो, "साहेब, पडला कुठे? हा बघा, उभा आहे!" सगळं मैदान हसलं. पेनल्टी गेली. मग मॅच गेली. मग सीझन गेला, आणि मला राहिलं काय, तर वर्षभर कोणी जिन्यात ठेचकाळला तरी, "अरे, बापाला बोलवा रे!"

होस्टेलच्या व्हरांड्यात मी तुझ्याशी बोललो नाही. तू भाकरीचं फडकं सोडत होतास, गाठ सुटत नव्हती. म्हणालास, "पडलेला माणूस उठवायचा नाय, असा कसा रं खेळ?" मी जाळी झालेले मोजे पिळत होतो. मग गाठीशी झटतच म्हणालास, "माझ्यादेखत पडलास तू." मला वाटलं, तक्रार करतोयस. वाटलं, नाक कापलं माझं आणि वर मलाच बोलतोय. पुढे मी तुझी नक्कल करायला लागलो, बा. मित्रांत, चहावर. फेटा, तंबाखू, धरला धरला. फार चांगली करतो. लोक पोट धरून हसतात.

या वर्षी पंच मला म्हणाले, तुझ्या बापामागे रावण नाचलाच नाही, घराण्याचं सोंग आहे, तूच बांध. मी आलो. एक नवा अनुभव, लिहायला होईल, असं म्हणत आलो. आज दुपारी काकाने मुखवटा माळ्यावरून उतरवला. धुराचा वास. काकाने हनुवटीखाली फडकं आवळलं, छातीला दोर बांधले, म्हणाला, "हळू, हां. तोंडं ओढतात एका अंगाला." मी म्हटलं, काका, मी फुटबॉल खेळलेला माणूस आहे. आणि एक गिरकी घेतली. अंगणात मोहाची फुलं वाळत घातली होती, त्यांवर पाय सरकला. दहाच्या दहा तोंडं डावीकडे गेली आणि त्यांच्याबरोबर माझी मान. आत काळोख. तेवढ्यात काखेत हात. छाती पाठीला. "धरला! धरला!"

मुखवटा काढला तर काका रडत होता. मी हसून म्हटलं, सोंग भुईला टेकलं की देव कोपतो म्हणून एवढं?

"देव कशाला कोपंल?" काका म्हणाला. "तुझा आजा असाच गेला."

"आजा तापाने गेला ना?"

"ताप तुझ्यासाठी. पोराला काय सांगायचं? बोहाड्यात पडला. तोंडं कलली, मान मोडली. नाचता नाचता. संबळ वाजतच होता, कोणाला कळलं पण नाय."

"मागे धरायला माणूस असतो ना? कोणी नव्हतं?"

काका खाली बसला, विखुरलेली फुलं गोळा करायला लागला. "दादा होता," म्हणाला. "तुझा बाप. कोणीतरी थट्टा केली, तो वळून हसला. तेवढंच."

तेवढंच. बा, मी ते ऐकलं. मीही खाली बसून फुलं वेचायला लागलो. मग तो व्हरांडा आला, ती न सुटणारी गाठ आली. माझ्यादेखत पडलास तू. रेघ, शिट्टी, बॉल यातलं तुला काहीच दिसलं नव्हतं. तुला मान दिसली होती. आणि या वेळी तू वेळेवर पोचलास. पोचलास, आणि सगळं मैदान हसलं, आणि मी अजून हसवतोय.

काका अंगणातून हाका मारतोय, "चल रं रावणा, मंडळी खोळंबली!" आज मागे तोच धरणार आहे. हा कागद ओटीवरच राहील, उद्या कोणी चुलीत घालेल. एकच सांगतो, कोणाला कधी सांगितलं नाही. त्या दिवशी शरम वाटायच्या आधी, एक श्वासभर, माझ्या पायांत जोर होता. मी स्वतः उभा राहू शकलो असतो. नाही राहिलो. सगळा भार तुझ्या हातांवर टाकला, आणि मला बरं वाटलं.

दिवट्या पेटल्या. तू काही बोलू नकोस. मी चाललो.