धाकटीला गोल मारू देणार नाही

१७ जून

धाकटीला माझ्याच कॉलेजात ॲडमिशन. शहरात दुसरी कॉलेजं नव्हती का? होती. बाबा म्हणाले, "दोघी एकत्र जाल, एकत्र याल, मला काळजी नाही." बाबा खाली दुकानात शिलाई मशीनं दुरुस्त करतात. त्यांना सगळं जोडीनंच बरं दिसतं, सुई आणि दोऱ्यासारखं.

तिनं विचारलं, "ताई, हॉकीच्या टीममध्ये फर्स्ट इयरच्या मुलींना घेतात का गं?" मी मोठ्या मनानं म्हटलं, "ये की. बॉल गोळा करायला कोणीतरी लागतंच."

५ जुलै

बॉल गोळा करत नाहीये.

कोचबाईंनी प्रॅक्टिस मॅचच्या शेवटी तिला उगाच उतरवलं. तिनं दोन गोल मारले. दुसऱ्या गोलच्या वेळी मला चुकवून गेली असं सगळ्या म्हणतात. मी तेव्हा बुटाची लेस बघत होते.

वारासुद्धा तिच्याच बाजूनं होता.

२० जुलै

सेंटर फॉरवर्ड मी. नऊ नंबरची जर्सी माझी. हे सगळ्या कॉलेजला माहीत आहे. आज कोचबाई मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "तू आता लेफ्टला खेळ. तुझा अनुभव तिथे जास्त उपयोगी पडेल." माणसाला जागेवरून हलवायचं असलं की हा अनुभव काढतात.

नऊ नंबर धाकटीला. घरी दोघींच्या जर्सी एकाच बादलीत भिजत होत्या. मी माझी काढून वेगळ्या बादलीत टाकली.

ठरलं. सूड घ्यायचा.

२ ऑगस्ट

सूड पहिला: मैदानावर तिला पास द्यायचा नाही. दिला नाही. तिनं येऊन माझ्याच स्टिकवरून बॉल उचलून नेला आणि गोल मारला. कोचबाईंनी शिट्टी वाजवून सगळ्यांना थांबवलं. "बघा, ती बॉलची वाट बघत बसत नाही. पुन्हा करून दाखव गं." धाकटीनं पुन्हा करून दाखवलं. पुन्हा माझ्याचकडून.

सूड दुसरा: घरी अबोला. खोली एक, कपाट एक, आरसा एक, त्यामुळे सगळं आईमार्फत. "आई, तिला सांग, पंखा कमी कर." आई लॅबमधून नुकतीच आली होती. म्हणाली, "दिवसभर मी लोकांचं रक्त काढते, घरी आले की तुम्ही माझं पिता. बटण तुझ्या उशाशी आहे. हात लांब कर."

अबोला तूर्तास स्थगित.

२८ ऑगस्ट

लेफ्टलाही नाही. बेंचवर.

बेंचवरून मॅच फार नीट दिसते. आज मुद्दाम फक्त धाकटीच्या चुका शोधल्या. एक सापडली. तीसुद्धा अंपायरची निघाली.

११ सप्टेंबर

आमची गोलकीपर गेली. तिच्या वडिलांची बदली झाली. तिचं किट कोपऱ्यात पडलंय. हेल्मेट, पॅड, छातीचं कवच. सगळ्याला असा काही वास आहे की कोणी जवळ जाईना. कोचबाईंनी विचारलं, "कोण उभी राहील?" सगळ्या बुटांकडे बघायला लागल्या.

आणि मला सुचलं. गोलमध्ये मी असले तर ती गोल मारेल कुणाला?

हात वर केला. कोचबाईंचे डोळे भरून आले. "टीमसाठी एवढा त्याग!" मी मान खाली घातली. हसू लपवायला.

३० सप्टेंबर

यश! धाकटी कायम खाली आणि उजवीकडे मारते. लहान असल्यापासून. आमच्या पॅसेजमध्ये टेनिस बॉलनं खेळायचो तेव्हा त्या कोपऱ्यात मीच उभी असायचे. आज तिचा प्रत्येक शॉट अडवला. शेवटी ती स्टिक टाकून मैदानातच बसली.

घरी जेवली नाही. मी तिच्या वाटचं अंडंसुद्धा खाल्लं. काही चव नव्हती. मीठ कमी असावं.

१४ ऑक्टोबर

तिनं स्वतःहून विचारलं, "ताई, प्रॅक्टिस संपल्यावर थोडी थांबशील का?" आनंदानं थांबले. हरायची एवढी हौस असेल तर मी कोण अडवणार? म्हणजे अडवणारी मीच.

डावीकडे मारून पाहिलं, अडवला. मधून मारला, अडवला. मग तिनं स्टिक उलटी फिरवून एकदम वर मारला. थेट माझ्या हेल्मेटवर. कानात घंटा वाजायला लागली, तरी म्हटलं, "एवढंच?" मैदानावरचा माळी पाणी मारायला आला आणि त्यानं आम्हाला हाकलून दिलं, तेव्हा कुठे थांबलो.

जाताना मी तिला टोमणा मारला. "मारायच्या आधी तू खांदा पाडतेस. आंधळीलासुद्धा कळेल." चांगलाच लागला असणार.

१६ ऑक्टोबर

खांदा पाडत नाहीये.

८ फेब्रुवारी

इंटर-कॉलेज फायनल. बरोबरी झाली. मग शूटआऊट, म्हणजे समोरची एकटी बॉल घेऊन येणार आणि मी एकटी गोलमध्ये. तीन अडवले. पाच महिने धाकटीला झेलल्यावर ह्या मुली अगदीच सरळमार्गी वाटल्या. शेवटचा गोल धाकटीनं मारला आणि सगळ्यांनी तिला खांद्यावर घेतलं. मला घेतलं नाही. किटसकट मला उचलायचं म्हणजे कपाट हलवण्यासारखं आहे, हे मी समजू शकते.

१० फेब्रुवारी

पेपरात फोटो. धाकटी हवेत. कोपऱ्यात माझं डावं पॅड. पॅड फार स्पष्ट आलंय.

बाबांनी कात्रण दुकानात लावलंय. येणाऱ्या प्रत्येकाला पॅडवर बोट ठेवून सांगतात, "ही आमची थोरली. तो पट्टा मी शिवलाय."

२१ नोव्हेंबर

माझं कॉलेजचं शेवटचं वर्ष. गेल्या सीझनला धाकटीनं इतके गोल मारले की इतर कॉलेजांच्या मुली तिच्याबरोबर फोटो काढायला येतात. मोबाईल माझ्या हातात देतात.

असो. नॅशनल कॅम्पसाठी ट्रायल आहे आणि दोघींनाही बोलावणं आलंय. आता शेवटचा आणि मोठा सूड. सिलेक्टरांच्या डोळ्यांदेखत तिला एकही गोल मारू द्यायचा नाही. तिचं करिअर तिथे संपणार आणि माझं तिथेच सुरू होणार.

२ डिसेंबर, पहाटे

आज ट्रायल. काल झोपायच्या आधी मी तिचा अलार्म बंद केला. इथे लिहायला हरकत नाही, कोणी वाचत नाही. मी गुपचूप उठून निघायचं. ती झोपून राहील. कपडे घातले. बूट हातात घेतले.

थोड्या वेळानं

उठवलं तिला. चांगली लाथ घालून. ती आलीच नाही तर मी अडवणार कोणाला? म्हणाली, "अगं बाई, अलार्म कसा वाजला नाही?" मी म्हटलं, "स्वस्तातला फोन."

त्याच दिवशी, संध्याकाळी

सिलेक्टरांनी तिला माझ्याचसमोर उभं केलं. पहिला शॉट वर. दुसरा उलट्या स्टिकनं. तिसऱ्या वेळी मी डावीकडे झेप घेतली, तर ही चक्क थांबली. मी पूर्ण पडेपर्यंत हिनं वाट पाहिली आणि बॉल हळूच आत ढकलला. पुढचे लिहीत नाही. सूर्य डोळ्यांवर होता. दिवस ढगाळ होता, पण ढगांच्या मागे सूर्य असतोच.

एका सिलेक्टरबाईंनी तिला विचारलं, "हे सगळं कुठे शिकलीस?" ही म्हणाली, "घरीच कीपर आहे ना. तिला साधं काही चालत नाही."

तिची निवड झाली. माझी नाही.

परत येताना बसमध्ये माझी किटबॅग मांडीवर घेऊन ही ढसाढसा रडत होती. निवड हिची आणि रडते हीच. मला रडण्यातसुद्धा पहिला नंबर मिळाला नाही.

९ जानेवारी

कॅम्पला गेली. पोहोचवायला जायचं नाही असं ठरवलं होतं. बॅग जड होती म्हणून गेले.

आता सगळं कपाट माझं. माझे कपडे अर्ध्यातच मावले.

मनातलं सगळं तिला सुनवायचं राहिलंच. जर्सी, बेंच, ट्रायल, काहीही सोडणार नाही. तिनं विचारायचा अवकाश.

१८ जुलै

आज देशाकडून तिची पहिली मॅच. टीव्हीवर दाखवणार आहेत. मी बघणार नाही.

मॅचनंतर

मी समोरच्या टीमच्या गोलकीपरच्या बाजूनं होते. आम्हा कीपर लोकांचं दुःख आम्हालाच कळतं. धाकटी बॉल घेऊन आत घुसली तेव्हा मी जीव तोडून ओरडले, "अगं बसू नकोस, ती वर मारणार!" ती बया बसली. मराठी येत नसावं. गोल! बाबा म्हणतात, मी सोफ्यावर उभी राहून नाचले. मी कीपरवर चिडले होते. दुसऱ्या गोलला आणखी चिडले. आई म्हणाली, "चिडायचं तर हळू चीड, शेजारी येतील." शेजारी आले. त्यांच्यासमोरही चिडले.

१९ जुलै

सकाळी धाकटीचा फोन. मॅचचं बोलेल असं वाटलं होतं. पण आवाज एकदम बारीक. "ताई, खरं सांगशील? मी तुझी जागा घेतली. तुझा राग आहे ना माझ्यावर?"

आला. दोन वर्षं ज्याची वाट पाहिली तो क्षण आला. मी उभी राहिले. सगळे मुद्दे ओळीनं आठवले. तोंड उघडलं.

कालच्या ओरडण्यानं घसा पार बसलेला. नुसतं घर्र झालं. मग तेही नाही.

पलीकडून ती म्हणाली, "रडू नकोस ना गं ताई." आणि स्वतःच रडायला लागली.

मी रडत नव्हते. घसा बसला होता. तेवढं सांगायलाही आवाज फुटेना. आईनं माझ्या हातातून फोन घेतला आणि तिला म्हणाली, "अगं, काल मॅचभर तुझंच नाव घेऊन ओरडत होती ही."

ते कीपरला सावध करण्यासाठी होतं.

आईनं मिठाच्या गुळण्या करायला सांगितलंय. आठवडाभर बोलायचं नाही म्हणे.