रकान्यांच्या मागं लिहिलेलं

सर, तुम्ही आज हवे होतात. आवं, काय सांगू, सकाळपासून माझे पाय जमिनीवर नाहीत! कुपवाडचा आपला व्हॉल्व्हचा कारखाना आहे तसाच आहे. तुम्ही गेल्यापासून नऊ वर्षं तुमच्या खुर्चीवर मी बसते, आणि तुम्ही बांधलेला डेटाबेस अजून चालतो. चालतो, पण कुणाला कळत नव्हता. एकशे बारा टेबलं, कुठलं कुणाशी जोडलंय याचा पत्ता नाही. आता नवीन सॉफ्टवेअर येतंय, आणि मालकांनी सांगून टाकलं होतं, "शुक्रवारपर्यंत उलगडलं तर ठेवू, न्हाईतर जुनं सगळं सोडून द्यायचं." सगळं म्हणजे प्रत्येक व्हॉल्व्हच्या चाचणीची नोंदसुद्धा. तुमची अख्खी नोकरी. शिवाय कारखान्यात एक वाक्य कायमचं होऊन बसलेलं: त्या माणसानं सगळं डोक्यात ठेवलं आणि गेला.

हे तुमच्याबद्दल! मी वडूजहून नवीनच आले होते तेव्हा एका टेबलात न विचारता एक रकाना वाढवला होता. तुम्ही चहाचा कप खाली ठेवता आणि सगळ्यांसमोर विचारता, "कागद कुठाय?" मी म्हणते, लक्षात आहे माझ्या. "तुझ्या ध्यानात हाय गं बाय, पन उद्या तू लगीन करून गेलीस तर मी काय तुझ्या सासरी येऊ इचाराय?" सगळे हसले. मी बाथरूममध्ये जाऊन रडले. राग आला होता तुमचा, लय राग. मग दवाखान्यातून तुमचा शेवटचा फोन आला, "लिव्हलंय समदं, बघ." तुम्ही गेल्यावर मी कपाटं उपसली, ड्रॉवर पालथे केले. कागदाचा चिटोरा मिळाला नाही.

काल एक ओपन सोर्स टूल उतरवून घेतलं. फुकटातलंच आहे, डेटाबेसचा पत्ता आणि पासवर्ड दिला की ते आतलं सगळं वाचतं, आपलं आपण पानं तयार करतं, टेबलांचे चौकोन काढून नात्यांच्या रेघा ओढतं. पहिल्या खेपेला नुसती यादी आली. चित्र काढणारं सॉफ्टवेअर वेगळं टाकायचं असतं, ते मी टाकलंच नव्हतं. आज सकाळी पुन्हा चालवलं आणि पडदाभर तुमचा कारखाना उभा राहिला! ओतकामापासून ट्रकात माल चढेपर्यंत. मी ओरडलेच, शिपाई पळत आला. पण खरी गंमत चित्रात नव्हतीच. काल मी न वाचताच बंद केलेल्या त्या यादीत प्रत्येक रकान्यासमोर शेरा होता. तुमचा! डेटाबेसमध्ये रकान्यामागं शेरा लिहायची सोय असते, आपल्या रोजच्या स्क्रीनवर तो दिसत नाही, आणि मी वेडी कागद शोधत बसले. "हा रिकामा सोडू नये. एकदा सोडला, माल परत आला." "ह्यो आकडा मिस्त्री तोंडी सांगतो, दोनदा इचारावा." एका ठिकाणी तर, "हे मलाबी कळलं न्हाई. चालतंय, हात लावू नये." हसून हसून डोळ्यांत पाणी आलं हो. मालकांनी उभ्या उभ्या दहा-पंधरा पानं वाचली, चष्मा पुसला आणि म्हणाले, "एकबी नोंद सोडायची न्हाई."

संध्याकाळी ती पानं छापून सांगलीला तुमच्या घरी, काकूंकडं नेली. तुमच्यामागं त्या दसऱ्याच्या पूजेला कारखान्यात येत नाहीत. ते 'सगळं डोक्यात ठेवलं आणि गेला' त्यांच्या कानावर गेलं होतं. मी वाचत होते आणि त्या पदराला हात पुसत स्वयंपाकघराच्या दारात उभ्या. "व्हय, असंच बोलायचे," म्हणाल्या, आणि मिस्त्रीचा शेरा तीनदा वाचायला लावला. मग भाकरी थापायला बसल्या, मला जेवल्याशिवाय सोडेनात. तव्यावर भाकरी टाकता टाकता त्यांनी विचारलं, "मग त्यांनी कायबी लिव्हून ठिवलं न्हाई, असं कोण म्हनत हुतं गं?"

मी म्हणाले, "कोण की, काकू. जुनी माणसं."

सर, ते वाक्य माझं होतं. कपाटं उपसून झाल्यावर मालकांच्या केबिनमध्ये पहिल्यांदा मीच बोलले, रागात. काकूंनी दोन भाकरी वाढल्या, आणि मी त्या खाऊन आले.