एकदाच मिळणारं औषध

७ जानेवारी २०२५, मंगळवार

गुडघा पुन्हा भरला. घाटकोपरला मेट्रोची लिफ्ट बंद, जिना चढावा लागला. आत गरम लागायला लागलं तेव्हाच कळलं — रक्त उतरलं. साकीनाक्याला ऑफिसात न जाता तसाच घरी परतलो.

चैतन्यने येऊन सुई लावली. उत्तराताईचा मुलगा, माझा भाचा. दोन गल्ल्या सोडून राहतात. सव्वीस वर्षांचा आहे, मी अठ्ठेचाळीस, आणि दुखणं दोघांचं एकच. रक्त गोठवणारा नऊ नंबरचा घटक आमच्या अंगात तयारच होत नाही, तो सुईने बाहेरून घ्यावा लागतो. आईकडून तो दोष माझ्याकडे आला, ताईकडेही आला. ताईला त्याचा त्रास नाही, तिच्या मुलाला आहे. लोकांकडे मामाचं नाक भाच्याला येतं!

सुई काढताना म्हणाला, "मामा, एक नवीन ट्रीटमेंट आहे. ट्रायल चालू आहे. एकदाच घ्यायची. मग ह्या सुया बंद."

मी म्हटलं, अशा गोष्टी मी चौथीत असल्यापासून ऐकतोय.

"हे तसलं नाही रे. ये तर खरा माझ्याबरोबर."

८ जानेवारी

एकदाच! दिवसभर तेच डोक्यात.

१२ जानेवारी, रविवार

हॉस्पिटलात आमच्यासारख्यांची सभा होती. डॉक्टर अनुपमा बोलल्या. सावकाश, फळ्यावर चित्रं काढून. माझ्यासारख्या गावच्या शाळेत शिकलेल्यालाही कळावं असं.

मला कळलं ते असं. शरीराच्या प्रत्येक पेशीत एक मजकूर असतो — काय तयार करायचं, कसं करायचं. आमच्या मजकुरात नऊ नंबरच्या जागी चूक आहे. हे लोक चूक खोडत नाहीत. एका विषाणूच्या आतलं त्याचं सगळं काढून टाकतात, नुसतं कवच ठेवतात. त्यात बरोबर मजकुराची एक प्रत घालतात. असे कोट्यवधी विषाणू शिरेतून सोडायचे. ते लिव्हरमध्ये शिरतात, प्रत तिथे ठेवतात, आणि लिव्हर ती वाचून घटक बनवायला लागतं.

चैतन्य माझ्या कानात — "पार्सल सर्व्हिस रे मामा. बॉक्स व्हायरसचा, आतला माल आपला."

मला आपलं कलम आठवलं. बाबा बांधायचे. खोड रायवळचं, वर फांदी हापूसची. डॉक्टरांना विचारलं, पुढे याच्या मुलांचं काय? त्या म्हणाल्या, औषध लिव्हरपुरतंच. मुलगा झाला तर त्याच्यात हा दोष वडिलांकडून जात नाही. मुलगी झाली तर तिच्यात जाणारच, हे औषध घेतलं तरीही. म्हणजे कलमाच्या आंब्याची कोय रुजवली तर वर हापूस येईलच असं नाही, तसंच.

दोघांनीही तपासणीला रक्त दिलं.

१६ जानेवारी, गुरुवार

मी बाद.

हा विषाणू निसर्गातही फिरत असतो. कधीतरी माझ्या अंगात येऊन गेलाय, मला पत्ताही नाही. अंगाने त्याला ओळखून ठेवलंय. आता औषध दिलं तर लिव्हरपर्यंत पोचायच्या आत अंगच त्याला मारून टाकील. डॉक्टर म्हणाल्या, "वाईट वाटून घेऊ नका, बऱ्याच जणांच्यात असतं."

चैतन्यच्या रक्तात ती ओळख नाही. तो चालतो.

मीराने जेवायला वाढताना विचारलं, काय झालं. म्हटलं, गुडघा. इतकी वर्षं बायको आहे, तिला काय कळायचं राहतं! तिने ताटात आणखी भात वाढला.

१७ जानेवारी

सकाळी दिवा लावला, रामरक्षा म्हटली. मध्येच मनात आलं — तो का, मी का नाही? पुन्हा पहिल्यापासून म्हटली. पुन्हा तेच आलं. या मुलाला मी खांद्यावर घेऊन दवाखान्यात नेलंय. देवा, हे असलं मनात येतं तरी कसं?

२१ जानेवारी, मंगळवार

आज ताईला घेऊन गेलो. डॉक्टरांनी आज फक्त धोके सांगितले. पूर्ण तास.

औषध जाताना ताप, थंडी, क्वचित मोठी रिअॅक्शन. पुढचे काही महिने अंगाला वाटू शकतं की लिव्हरमध्ये परकं कोणीतरी शिरलंय. मग अंग आपल्याच लिव्हरवर उठतं. त्यासाठी स्टेरॉइड. त्यांचे आपले वेगळे त्रास. घटक तयार झाला तरी किती वर्षं टिकेल, सांगता येत नाही. आणि कमी झाला तर दुसऱ्यांदा देता येत नाही — एकदा दिल्यावर अंग त्या विषाणूला कायमचं ओळखतं. म्हणजे चैतन्य माझ्यासारखा होणार. पुढे यापेक्षा चांगलं औषध आलं आणि ते याच विषाणूतून असलं, तरी त्याला बहुतेक बंद.

कॅन्सरचंही त्यांनी लपवलं नाही. नवी प्रत बहुतेक पेशींत सुटी राहते, पण थोडी आपल्या मूळ मजकुरात घुसते. कुठे घुसेल ते आपल्या हातात नाही. आजवर या औषधाने माणसांत तसं सिद्ध झालेलं नाही, पण वर्षंही फार झालेली नाहीत. म्हणून पुढची पंधरा वर्षं तपासत राहणार.

दारू नाही, काढे नाहीत, झाडपाला नाही. आणि काही महिने मूल होऊ द्यायचं नाही, कारण औषधाचा अंश वीर्यातही उतरतो. हे सांगताना ताई पर्स उघडून काहीतरी शोधायला लागली. मी पंखा बघत बसलो. चैतन्य म्हणतो, "डॉक्टर, त्यासाठी आधी मुलगी बघा." त्या हसल्या. ताई हसली नाही.

रिक्षात एकच बोलली — "ह्या जर उलटला तर परत फिरूक वाट नाय."

२६ जानेवारी, रविवार

ताईकडे वादावादी.

चैतन्य म्हणतो, घोटा आता जवळजवळ वळतच नाही. सांताक्रूझला कार्गोची नोकरी त्याने सोडली ती त्यामुळेच. आणखी पाच वर्षांनी दुसरा घोटा जाईल. "मग आई मला उचलून संडासला नेणार काय? ह्या वयात?"

ताई — "नेईन!"

"बघ! हिला तेच हवंय."

मग ताई माझ्यावर. "तुझाच नाद. तुका नाय घेतल्यानी म्हणून माझ्या झिलाक पुढे घालतंस."

मी उठलो. चप्पल घातली. माझ्या मनातलं तिला कसं कळलं? मी तर कोणाला बोललो नव्हतो. मी खरंच त्याला पुढे घालतोय का? की मला नाही मिळालं म्हणून निदान आमच्यातल्या एकाला तरी मिळावं असं वाटतंय? दोन्ही असेल.

मी दारात असताना ताई शांतपणे म्हणाली, "मी गावी जाते. रवळनाथाला कौल लावते. उजवा पडला तर कर सही. डावा पडला तर विषय बंद."

वाटलं, चैतन्य आता भडकणार. पण तो म्हणाला, "ठीक आहे. लाव."

३० जानेवारी, गुरुवार

ताई गावी गेली. डॉक्टरांनी विचारलंय, जागा किती दिवस धरून ठेवू? मी सांगितलं, घरात विचार चाललाय. कौलाचं बोललो नाही. का बोललो नाही? लाज वाटली. मग त्या लाजेचीच लाज वाटली. बाबांनी विहीर खणताना कौल घेतला, ताईचं लग्न ठरवताना घेतला. पाषाणावर ओल्या पाकळ्या लागल्या, नाना गुरवाने गाऱ्हाणं घातलं, की श्वास धरून उभं राहायचं. देवाच्या उजवीकडची पाकळी आधी पडली की होकार, डावीकडची पडली की नकार. त्या वेळी सगळं कसं गप्प होतं!

मन नुसतं येरझाऱ्या घालतंय. डावा पडला तर? मी तिथे असतो तर डाव्याला उजवा म्हटलं नसतं. पण म्हणावंसं वाटलं असतं.

१ फेब्रुवारी, शनिवार

ताईचा फोन. रेंज तुटत होती. "पडलो! उजवो! नानांचा गाऱ्हाणा संपता संपता!"

तसाच चैतन्यकडे गेलो. जिन्यावर गुडघ्याची आठवण राहिली नाही. ऐकून तो खाटेवर बसला आणि म्हणाला, "मामा, खरं सांगू? फाटली होती माझी. आईसमोर नुसता आव आणत होतो. डावा पडावा असंही एकदा वाटलं, म्हणजे सुटलो असतो." डोळे पुसले. "आता नाही भीती. आता झालं."

इतका देवभोळा आहे, मला माहीत नव्हतं.

६ फेब्रुवारी, गुरुवार

सही झाली. सही करतानाचं व्हिडिओ शूटिंग करतात, कोणी जबरदस्ती केली नाही हे दिसावं म्हणून. डॉक्टरांनी विचारलं, "धोके समजले? स्वतःच्या मर्जीने?" चैतन्य कॅमेऱ्यात बघून "हो". साक्षीदार म्हणून माझी सही. ताई बाहेर बाकावर होती.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

आज दिलं. पाण्यासारखं दिसतं! एवढीशी पिशवी, दीड तासात संपली. मी भिंतीकडे बसून जप करत होतो. नर्सला वाटलं मला चक्कर येतेय, तिने ग्लुकोज बिस्कीट दिलं. उद्या महाशिवरात्र, आजपासूनच काही खायचं नाही असं ठरवलं होतं. खाल्लं. तिचं मन मोडवेना.

रात्री थोडा ताप, मग उतरला.

१८ मार्च, मंगळवार

चौतीस टक्के!!

एक टक्काही नव्हता आजवर. चैतन्यच्या लिव्हरने स्वतः बनवलेला घटक! डॉक्टर म्हणाल्या, एवढ्यावर आपोआप रक्तस्राव व्हायचा नाही. मीराने शिरा केला. ताई शिरा घेऊन सगळ्या मजल्यांवर फिरली. कशाचा शिरा ते सांगेना. "देवाचो" एवढंच.

३० मार्च, गुढीपाडवा

चैतन्य भटवाडीचा चढ चालत चढून आमच्याकडे आला. मला हाताला धरून खाली गुढीपर्यंत नेलं. "मामा, आता मी तुला नेणार."

हेवा वाटला नाही. हे मुद्दाम लिहून ठेवतो.

८ एप्रिल, मंगळवार

लिव्हरचे आकडे वाढले. दर आठवड्याला बघतात म्हणून लगेच सापडलं. स्टेरॉइड सुरू. डॉक्टर म्हणाल्या, असं होऊ शकतं हे आपण बोललो होतो. बोललो होतो, खरंय. बोलणं वेगळं.

१२ एप्रिल, हनुमान जयंती

चैतन्यला झोप नाही. तोंड सुजलंय. सारखी भूक. पोळी गार म्हणून ताईकडे ताट ढकललं, मग बाथरूममध्ये जाऊन रडला. ताईने दुसरी पोळी भाजली.

मारुतीला गेलो. काय मागू? लिव्हर, की घटक? एकच मागायचं तर लिव्हर.

१५ एप्रिल, मंगळवार

चौतिसाचे एकोणीस झाले. स्टेरॉइड लागू पडलं तर इथे थांबेल. नाही पडलं तर ज्या पेशींत औषध पोचलंय त्याच मरत जातील आणि सगळं पहिल्यासारखं. पुन्हा देता येणार नाही. डॉक्टर आज हसल्या नाहीत.

चैतन्य घरी आल्यावर म्हणाला, "थांबेल रे मामा. डॉक्टर काय, आकडे बघून बोलणार. आपल्याला उजवा पडलाय." मलाच धीर देतो! तेवढ्यावर टिकून आहे तो. मीही.

१७ एप्रिल, गुरुवार

आज रक्त दिलं. शनिवारी कळेल. ऑफिसात एकच चलन तीनदा टाइप केलं.

१९ एप्रिल, शनिवार

रिपोर्ट यायचाय. ताईकडे बसलो होतो. ती चवळी निवडत होती. मी म्हटलं, "ताई, घाबरू नको. रवळनाथाने उजवा दिलाय, तोच निभावून नेईल."

मान वर न करता म्हणाली, "औषधाचा मी इचारूकच नाय."

मला कळेना.

"नाना म्हणाले, प्रश्न मनात धर. माझं धाडस झालं नाही रे. डावा पडला असता तर पोर थांबलं असतं, आणि मग घोटे जाताना रोज बघायचं..." तिने विचारलं होतं ते हे — देवा, पोरगा औषध घेणारच, त्याचं काही वाईट झालं तर मी उभी राहीन काय?

त्याचा तो उजवा.

आतून चैतन्यने हाक मारली, "काय कुजबुजताय रे दोघं? रिपोर्ट आला काय?"

ताई माझ्याकडे बघत राहिली. मी म्हटलं, "नाही रे. अजून नाही."