तिसऱ्या अंकाआधीची तार

डोकमर्डी, सिल्वासा
१२ सप्टेंबर १९८७

प्रिय विजू,

चार दिवस कागद पुढे घेऊन बसते आणि उठते. एक गोष्ट तुला सांगायची आहे आणि धीर होत नाही. इतकी वर्षं दुसऱ्याचं लिहिलेलं पाठ करून घडाघडा बोलले. स्वतःचं चार ओळी लिहायचं म्हटलं की तोंडाला कोरड पडते.

इथे बरं चाललंय. मयूर सकाळी गलोंडा गावातल्या कारखान्यात जातो आणि सूनबाई मला स्वयंपाकघरात पाय ठेवू देत नाही. शेजारच्या नाशिककर बाईंनी मला ओळखलं, तेही सिनेमातल्या आईच्या कामांवरून! पहिल्या आठ सिनेमांत मी नायिका होते, हे त्यांना पटेना. रंगीत सिनेमा आला आणि आईची कामंही गेली, हे मात्र त्यांना बरोबर ठाऊक. मी हसले, पण खरं सांगते, लागलं.

गणपतीत कामगारांचं नाटक मी बसवलं. नायिका सोनी, पॅकिंगमध्ये काम करणारी, सुरंगी गावची मुलगी. मराठी बोलता बोलता गुजरातीत घसरायची, पण उभी राहिली की तिच्यावरून नजर हटत नसे. दुसरा अंक संपला आणि तिचा भाऊ धापा टाकत आला. आई अत्यवस्थ होती. मंडळाचे नंदकुमार मला बाजूला घेऊन म्हणाले, "बाई, तिसरा अंक होऊ द्या, मग सांगू." मी तिथेच सोनीला सांगितलं, मेकअपसकट तिला कारखान्याच्या जीपमध्ये बसवलं आणि प्रयोग बंद केला. लोकांनी खूप आरडाओरडा केला. सोनीच्या हातचं पाणी पिऊन तिची आई दुसऱ्या दिवशी गेली.

विजू, सोलापूरचा तो रविवार दुपारचा प्रयोग. तुझ्या आईच्या आजारपणाची तार पडदा पडल्यावर आली नव्हती. दुसऱ्या अंकानंतरच आली होती आणि मीच ती घेतली होती. वाईट बातमी प्रयोग संपल्यावर द्यायची, हा आपल्या नाटक कंपनीचा रिवाज, असं म्हणून मी सुटू शकते. पण पहिल्या रांगेत सिनेमावाले मला बघायला आले होते आणि माझा मोठा प्रवेश तिसऱ्या अंकात होता. तुझी संध्याकाळची मिरजेची गाडी चुकली. तू दुसऱ्या दिवशी पोचलीस तेव्हा आई पहाटेच गेलेली. मला मात्र सिनेमा मिळाला. तू जन्मभर पोस्टाला शिव्या दिल्यास आणि मी तुझ्या शेजारी बसून मान डोलावली.

दिवाळीला माझ्याकडे येतेस, कायमची राहायला, असं तू लिहिलंस. हे माहीत नसताना तू माझ्या घरात राहावंस, हे मला सोसणार नाही, म्हणून लिहिलं. मयूर वापी स्टेशनवर थांबेल. तू उतरली नाहीस तर तो कारण विचारेल, आणि ते मी त्याला खरं सांगेन.

तुझीच,
पमी