मधला राक्षस

आई, तुला जाऊन इतकी वर्षं झाली आणि मी आज तुला लिहायला बसलोय. गुडघे पार गेलेत माझे, पण सकाळी रेटत हायवेवरच्या हॉटेलात चहाला गेलो, तर मालकानं गिऱ्हाइकाला माझी ओळख करून दिली, "ह्ये आपल्या जळकोटचे राक्षस!" मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. आणि मग चावडीतला तो रविवार आठवला.

मुंबईत मला पहिलं काम मिळालं ते नुसत्या उंचीवर. देवादिकांचा पिक्चर, त्यात राक्षस. अंगाला वाघाचं कातडं, डोक्यावर शिंगं, तोंडभर काळानिळा रंग. तिसऱ्या दिवशी डायरेक्टरनं काढून टाकलं. नायकाचा चेहरा दिसावा म्हणून कॅमेरा लावला की माझी नुसती छाती दिसायची. राक्षस उंच हवा होता, पण इतकाही नको. माझंच कातडं, माझीच शिंगं वीतभर बुटक्या एका माणसाला चढवली. मी गावी आलो आणि म्हणालो, काम संपलं, पिक्चर आला की बघा. तो आपल्या गावात कशाला येतोय, असा माझा हिशेब.

आला की गं. ग्रामपंचायतीच्या टीव्हीवर, रविवारी दुपारी, सगळं गाव चावडीत. अण्णांनी आधीच बजावलं होतं, "दिसलास तर जा माघारी मुंबईला. न्हायतर गुमान औत धर." गुहेतून तीन राक्षस बाहेर येतात. तू मला कोपरानं ढोसतेस, "ह्यातला तू कंचा रं?" अण्णा माझ्याकडं बघतायत. मी म्हणालो, "मधला."

तू उठलीस ती थेट घरी. मीठ, मोहऱ्या, लाल मिरच्या मुठीत घेऊन आलीस आणि भरल्या चावडीत टीव्हीपुढं उभी राहून त्या राक्षसाची दृष्ट काढायला लागलीस. मागून लोक ओरडतायत, "काकू, बाजूला व्हा, काय दिसंना!" तू वळूनही बघितलं नाहीस. "गप बसा! आख्ख्या गावाची नजर लागलीया माझ्या लेकराला." सात वेळा ओवाळलंस आणि मिरच्या चुलीत टाकायला निघून गेलीस. अण्णांनी टोपी काढून डोकं खाजवलं. "जा मग," एवढंच म्हणाले. दुसऱ्या दिवशी मी एसटीत बसलो.

पुढं कामं मिळाली, खरीखुरी. मी त्रिशुळानं मेलो, गदेनं मेलो, कड्यावरून ढकलला गेलो. नायक बुटका वाटू नये म्हणून माझ्यासाठी गुडघाभर खड्डा खणायचे आणि मी त्यात उभा राहून गर्जना करायचो. शिंगांच्या वजनानं मान आखडायची, डिंकानं तोंडाची सालं निघायची. तरी मला ते काम लई आवडायचं, आई. पण माझे पिक्चर गावात पोचेपर्यंत काचबिंदूनं तुझे डोळे गेले होते. तू टीव्हीला कान लावून बसायचीस, आणि पडद्यावरचा आवाज तेवढा दुसऱ्याचाच भरलेला असायचा, कारण माझी हिंदी आपल्याकडची, ती कुणाला चालत नव्हती. शेजारणीला सांगायचीस, "पयल्या पिच्चरमदी काय दिसला व्हता माझा लेक! म्या ह्या डोळ्यांनी बघितलाय." मी शेजारीच बसलेला असायचो. म्हणायचो, "व्हय."

म्हणजे तू मला पडद्यावर कधी बघितलंच नाहीस. बघितलास तो कुणाचा तरी दुसऱ्याचाच मुलगा. त्याचं नावसुद्धा मला ठाऊक नाही. अण्णांना फसवलं याचं मला कधी फारसं काही वाटलं नाही. ते औत मला झेपलंच नसतं. तुझं मात्र वाटतं. तू दवाखान्यात होतीस तेव्हा दोनदा सांगायला तोंड उघडलं, आणि दोन्ही वेळा पाणी हवंय का, एवढंच विचारलं.

हा कागद घडी करून कपाटात ठेवीन, दुसरं काय करणार. इतकं लिहिलंय खरं, पण तू असतीस ना आई, तर यातलं एक अक्षर तुला सांगितलं नसतं.