हात मीच घातला

४ फेब्रुवारी

फेटाळली! आईची फिर्याद दंडाधिकाऱ्यांनी उभ्या उभ्या निकालात काढली.

आईला शपथ देऊन त्यांनी विचारलं, यंत्रात हात कोणी घातला? आई म्हणाली, "मीच घातला." झालं. पुढे एक प्रश्न नाही. धुलाईच्या कारखान्यातलं ते कपडे पिळायचं यंत्र झाकण उघडं असताना फिरायलाच नको. पण झाकण उघडताच यंत्र थांबवणारा खटका तारेने बांधलेला, म्हणजे कपडे भराभर उपसता येतात. अपघाताच्या दिवशी आईला आणायला गेले तेव्हा मी स्वतः पाहिलाय. आईच्या उजव्या हाताची बोटं गेली, आणि मालकाला साधं बोलावणंसुद्धा नाही.

येताना विचारलं, तारेचं का नाही बोललीस? म्हणे, त्यांनी विचारलंच नाही.

६ फेब्रुवारी

वकीलबाईंकडे उमेदवारी करतेय. त्या म्हणाल्या, रडून झालं असेल तर वरच्या कोर्टाचा अर्ज लिहायला घे. ते कोर्ट मालकाला शिक्षा देणार नाही. फिर्याद फेटाळली ती नीट ऐकून की घाईने, एवढंच तपासेल. लिहिला. खोडला. परत लिहिला. घरातली पहिली पदवीधर — आणि एक अर्ज जमेना!

१९ फेब्रुवारी

अर्जात मालकाचं नावच घातलं नव्हतं. आज दुरुस्ती केली, त्याला नोटीस जाईल. निकाल त्याच्या विरुद्ध जाऊ शकतो, तर त्याचंही ऐकायला हवं.

दादा जेवताना भडकला. "कायदा शिकलीस की पाहुणचार?"

म्हटलं, आईचं ऐकून घेतलं नाही म्हणूनच भांडतोय ना आपण? मग तेच त्याच्या बाबतीत कसं करायचं? जेवण झाल्यावर दादाने माझं ताट उचलून घासलं. पटलं असावं.

२ मार्च

आईच्या शेजारच्या यंत्रावरची मावशी. वर्षानुवर्षं दोघी एका डब्यात जेवल्या. साक्षीला ये म्हणायला गेले तर दार अर्धंच उघडलं. घरी आई माझ्यावरच चिडली, तिला यात ओढू नकोस म्हणाली. मावशीची नोकरी जाईल म्हणून असेल.

१८ मार्च

मालकाच्या वकिलांचं एकच पालुपद — बाईंनी कबूल केलंय. न्यायाधीशांनी चष्मा काढला.

"हात बाईंनी घातला. पण झाकण उघडं असताना यंत्र फिरत कसं होतं, हे कोणी विचारलं का?"

खालचा आदेश रद्द! चौकशी पुन्हा, बरोबरच्या बायकांना ऐकून. जिंकलो नाही अजून. पण आता ऐकणार! मी जिना धावत उतरले. वकीलबाई वरून ओरडल्या, अगं, काळा कोट आहे अंगावर!

आईने मात्र एवढंच विचारलं, मावशीलाही बोलावतील का?

९ एप्रिल

मावशी आली. दंडाधिकाऱ्यांपुढे उभी राहिली. "तार मी बांधली. मालकांनी समोर उभं राहून बांधून घेतली. हिला ठाऊक होतं. माझ्यावर येऊ नये म्हणून बोलली नाही ही."

मालकावर समन्स निघालं. मी वळून आईकडे पाहिलं. ती बाकावर सरकून मावशीला जागा करत होती.