मुद्देमालातलं रफू

आई,

आधी घडलं ते क्रमाने लिहिते. लॅबमध्ये आम्ही असंच लिहितो. आधी नोंदी, मत शेवटी.

१. शाहूपुरीतल्या लाँड्रीच्या मागच्या खोलीत माझ्यावर बलात्कार झाला. करणारा मालकाचा मेहुणा.
२. माझा ड्रेस गळ्यापासून खाली फाटला.
३. घरी येऊन मी तो बादलीत टाकला. तू तो धुतलास.
४. मामाने पोलिसात जायला दोन दिवस थांबवलं.
५. त्या दोन दिवसांत तू ड्रेसला रफू केलंस.
६. मग फिर्याद. पोलिसांनी ड्रेस जप्त केला.
७. तीन वर्षांनी खटला चालला. आरोपी सुटला.
८. त्यानंतर वर्ष-दीड वर्षात तू गेलीस.
९. ड्रेस अजून आहे.

नववा मुद्दा सोडला तर यातलं सगळं तुला माहीत आहे. तो मलाही गेल्या आठवड्यापर्यंत माहीत नव्हता. मी हल्ली इचलकरंजीत असते, कापड तपासायच्या लॅबमध्ये. तिथे फोन आला. फिर्यादीच्या दिवशी आपल्याबरोबर सरकारी दवाखान्यात आलेली ती कॉन्स्टेबल बाई आठवते? तुला म्हणाली होती, "धुतलं कशाला वो मावशी?" तीच. आवाज जाड झालाय, पण बोलणं तेच. "मॅडम, वळखलं का? न्हाई वळखलं तरी चालतंय. तुमचं अपील पडलं की वो हायकोर्टात. कुणी कळवलं न्हाई?" मी नाही म्हटलं. सरकारने अपील केलं होतं एवढं मला ठाऊक होतं. ते इतकी वर्षं नुसतं पडून होतं आणि यंदा फेटाळलं, हे कळवायला कुणी बांधील नसावं. "कोण कळवतंय," ती म्हणाली. "मी आता कोर्टात पोलिसांच्या केसी बघायला असतो. मुद्देमालाची खोली रिकामी करायला लागल्यात. तुमचा ड्रेस नाशाच्या यादीत हाय. पायजे असंल तर सोमवारपर्यंत अर्ज टाका, न्हाईतर जाळत्यात." मग जरा थांबून, "आई काय म्हणत्यात? रफूवाल्या?" मी सांगितलं. "आगं बाई," ती म्हणाली. "मग घरात कुणाला तरी इचारून सांगा." घरात मी एकटीच असते, हे मी तिला सांगितलं नाही. म्हणून तुला विचारते आहे.

उचगावच्या आपल्या घरात तुझी जागा उंबऱ्याशी होती, कारण उजेड तिथे. बाबा गेल्यावर त्या उंबऱ्यावर घर चाललं. इस्त्रीने जळालेले शालू, उंदराने कुरतडलेले कोट, खिळ्याला अडकून फाटलेल्या पँटी, सगळं त्या शाहूपुरीच्या लाँड्रीतून यायचं आणि तयार झालं की मी कॉलेजला जाताना पोचवायची. तू दोरा विकत घेतलेला मी कधी पाहिला नाही. त्याच कपड्याच्या आतल्या दुमडीतून एकेक धागा ओढून काढायचीस आणि त्यानेच भोक विणून काढायचीस. "परका धागा चुगली करतोय," म्हणायचीस. एका गिऱ्हाइकाने काउंटरवर विचारलं होतं, कुठल्या बाहीला केलंय, आणि मालकाला शोधूनही सापडेना. शेवटी त्याने अंदाजाने डावी म्हणून सांगितलं, आणि होती उजवी. ही गोष्ट तू किती वर्षं सांगत होतीस. प्रत्येक वेळी हसताना तोंडाला पदर लावायचीस, आणि सांगून झाल्यावर पुन्हा एकदा म्हणायचीस, "मालकाला बी सापडंना."

त्या दिवशी मालक दुकानात नव्हता, मेहुणा होता. पुढचं फिर्यादीत आहे, उलटतपासात आहे, निकालपत्रात आहे. इथे पुन्हा लिहीत नाही.

मी सांगितल्यावर तू बराच वेळ बादलीकडे बघत बसलीस. सकाळी ड्रेस दोरीवर होता. मामा आला, तुझ्याशेजारी उकिडवा बसला आणि माझ्याकडे न बघता म्हणाला, "आक्का, पोरीचं लगीन व्हायचंय अजून. मी मालकासंगं बोलून बघतो. दोन दिस कळ काढ." तू दोरीवरचा ड्रेस काढलास, उंबऱ्याशी बसलीस आणि खालच्या दुमडीतून धागे ओढायला लागलीस. निळ्या-पांढऱ्या बारीक चौकड्यांचा सुती कपडा. चौकडा असला की रफूला वेळ लागतो, रेघेला रेघ मिळावी लागते. तू दोन दिवस बसून आहेस. मी आतल्या खोलीतून तुझी पाठ बघते आहे. मला भूक लागलेली नाही. तरी तू उठतेस, भाकरी टाकतेस, ताट माझ्यापुढे ठेवतेस, हात धुऊन पुसतेस आणि परत सुई घेतेस. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मामा परत आला. "मालक म्हणतोय, मेव्हणा गावाला गेलाय, आल्यावर बघू." तू दातांनी धागा तोडलास. ड्रेसची घडी घातलीस. मला म्हणालीस, "चल."

मामाने विचारलं, "कुठं?"

"पोलिसात."

"आणि लोक काय म्हणतील गं?"

"ते तू ऐकून घे," म्हणालीस. "तुला येळ हाय."

पोलीस स्टेशनात साहेबाने टेबलावर ड्रेस पसरला. फिर्यादीत मी फाटल्याचं सांगितलं होतं, म्हणून त्याने पुढून पाहिला, मागून पाहिला, खिडकीशी नेऊन पाहिला. "कुठं फाटलाय?" तू म्हणालीस, "दिसायचं न्हाई. मी केलंय." आई, त्या आवाजात जरासा अभिमान होता. दुसऱ्या कुणाला कळला नसेल. साहेबाने लिहिणाऱ्याला सांगितलं, "लिव्ह. एक जुना वापरता पंजाबी ड्रेस, स्वच्छ धुतलेला." फाटलेला हा शब्द पंचनाम्यात गेलाच नाही. तू मध्ये काहीतरी बोलायला गेलीस तर तो म्हणाला, "मावशी, जे दिसतंय ते लिवायचं असतंय." ड्रेस तपासणीला गेला तो डागांसाठी. धुतलेल्या कापडावर डाग सापडले नाहीत. कापड फाटलं होतं का, हे तपासणाऱ्यांना कुणी विचारलंच नव्हतं. आणि जे विचारलेलं नाही त्याचं उत्तर लॅब देत नाही. हे मी आता रोज स्वतः करते.

खटला उभा राहीपर्यंत तो मेहुणा कळंब्याच्या तुरुंगात थोडे दिवस काढून जामिनावर बाहेर आला होता आणि दुकानाच्या काउंटरवर बसत होता. बसमधून दिसायचा. आपला म्हणायचा तो सरकारी वकील पहिल्यांदा भेटला खटल्याच्या सकाळी, कोर्टाच्या जिन्यावर. दोनदा माझं नाव चुकला. दरवाजा बंद करून कामकाज झालं, कायदाच तसा आहे. त्यामुळे आत माणसं मोजकीच होती. तरी तो मेहुणा समोरच्या बाकावर होता, धुतलेला पांढरा शर्ट घालून. आधी माझी साक्ष. तेव्हा मला अठरा पूर्ण झालेली होती आणि त्याच्या बाजूचं म्हणणं होतं की मी राजीखुशीने गेले. दवाखान्यातल्या डॉक्टरने माझ्याविषयी दोन ओळी लिहिल्या होत्या. त्यांचा अर्थ मला आरोपीच्या वकिलाच्या तोंडून कळला. "म्हणजे हे तुम्हाला नवीन नव्हतं," असं तो म्हणाला, अगदी सौम्य आवाजात, हवापाणी विचारावं तसं. तेव्हा असं विचारता येत होतं. नंतर कायदा बदलला म्हणतात. मी नाही म्हटलं. न्यायाधीशांनी माझं 'नाही' इंग्रजीत सांगितलं आणि ते टाइप झालं.

राजीखुशी नव्हती हे दाखवायला आपल्याकडे उरला होता तो फाटलेला ड्रेस. मग तू उभी राहिलीस. साक्ष झाल्यामुळे मला मागच्या बाकावर बसू दिलं होतं. सीलबंद पाकीट फोडून ड्रेस तुझ्या हातात दिला. तू तो आधी झटकलास, दोरीवर घालताना झटकायचीस तसा, आणि मग ओळखलास. तो वकील म्हणाला, "बाई, तुम्ही रफू करता?"

"व्हय."

"चांगलं करता?"

तू न्यायाधीशांकडे पाहिलंस. "लोक म्हणत्यात."

"हा ड्रेस का शिवलात?"

"फाटला हुता म्हणून."

टाइप करणारी बाई थांबली. न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. मला वाटतं, त्या खोलीत दिवसभरात जेवढी उत्तरं झाली त्यांतलं तेवढं एकच पूर्ण होतं. वकील म्हणाला, "कुठं फाटला होता ते कोर्टाला दाखवा." तू बोट ठेवलंस. गळ्यापासून खाली, मग आडवं, डावीकडे. बोट बरोबर त्याच वाटेने गेलं. वकिलाने ड्रेस घेतला, ट्यूबलाइटखाली धरला, न्यायाधीशांपुढे नेला. "साहेब, मला तर काही दिसत नाही. चौकड्याची रेघसुद्धा मोडलेली नाही. कोर्टाला दिसतं का?" न्यायाधीशांनी चष्मा काढून पाहिलं. बोट फिरवलं. "बाई, नक्की इथंच?" त्यांचा सूर वाईट नव्हता. वकील म्हणाला, "कारागिरी उत्तम आहे. म्हणजे, कारागिरी असेल तर."

आपला वकील पुढच्या केसचे कागद चाळत होता. तू त्याच्याकडे पाहिलंस, मग माझ्याकडे, आणि न्यायाधीशांना म्हणालीस, "सुई द्या मला एक. उसवून दावतो."

कुणाला काही समजेना. तू समजावून सांगितलंस, घाईत, हात पुढे करून. "माझाच धागा हाय. मी घातला तसा काढतो. खाली जसं फाटलंय तसं दिसंल. दोन मिनटं लागत्यात." वकील लगेच उभा राहिला. मुद्देमालात फेरफार करता येणार नाही. न्यायाधीशांनी मान हलवली. "बाई, आता हा ड्रेस कोर्टाचा आहे. त्याला हात लावता येत नाही." तुझा हात तसाच पुढे राहिला. शिपायाने त्यातून ड्रेस काढून घेतला आणि घडी न घालता पाकिटात कोंबला. तेव्हा तू पहिल्यांदा मोठ्याने बोललीस. "घडी तरी घाला."

निकालात लिहिलं होतं की फिर्यादीला उशीर झाला, अंगावर जखमा नाहीत, आणि ज्या वस्त्राविषयी एवढं सांगितलं गेलं ते न्यायालयाने स्वतः पाहिलं असून अखंड आहे. संशयाचा फायदा. बाहेर आल्यावर तू मला उसाचा रस पाजलास. मामा त्या दिवशी आला नव्हता.

त्यानंतर तुझ्याकडे कामं थोडी यायची, दुसऱ्या एका लाँड्रीतून. तिथला पोरगा एकदा कोट परत घेऊन आला. "मावशी, हे दिसतंय की वो." मी आत अभ्यास करत होते. मला वाटलं तू कोट घेशील, उजेडात धरशील, पुन्हा बसशील. तू कोटाला हातही लावला नाहीस. "दिसू दे की," म्हणालीस. पुढचे सगळे कपडे तू तसेच केलेस. डोळे अधू झाले असं शेजारी म्हणायचे. डोळे अधू झालेले नव्हते. तांदळातला खडा तुला अजून दिसत होता.

आता माझ्या टेबलावर भिंग आहे, इंचात किती धागे ते मोजायचं. तुझं रफू त्यात दिसेल, याबद्दल मला शंका नाही. फाटलेल्या जागेच्या कडेला जिथे तुझा धागा जुन्या धाग्याच्या सोबतीने आत गेलाय, तिथे एका धाग्याच्या जागेत दोन बसलेले असणार. खालच्या तुटलेल्या धाग्यांची टोकं लांब-आखूड आणि पिंजलेली असतील. कात्रीने कापलेली एका पातळीत येतात. एका पानाचा अहवाल होईल. तो वाचणारं कुणी आता नाही. सोमवारी अर्ज दिला तर ड्रेस माझा होतो आणि मग त्याला हात लावायला कुणाची परवानगी लागणार नाही. मी सुई घेऊन बसू शकते. तू म्हणाली होतीस तसं, दोन मिनिटं. पण मग तुझ्या हातचं त्या दर्जाचं काम कुठेच राहणार नाही. बाकीचे शालू आणि कोट लोकांच्या कपाटांत आहेत आणि कुठे केलंय ते त्यांनाही माहीत नाही. तसाच ठेवला, तर तो अखंड ठरवलेला ड्रेस माझ्या घरात राहील. आणि जाळला तर तिघांचंही संपेल, तुझं, माझं आणि कोर्टाचं.

तू रफू का केलंस, हे मी तुला कधी विचारलं नाही. कोर्टात दिलेलं उत्तर मला पुरतं. मला सांगायचं आहे ते दुसरंच. न्यायाधीशांनी चष्मा काढला तेव्हा मी मागच्या बाकावरून मान वर करून पाहिलं. ट्यूबलाइटखाली ड्रेस धरलेला होता आणि मलाही काही दिसलं नाही. तो फाटला तेव्हा मी त्याच्या आत होते, आई. तरी त्या एका क्षणी मी तुझ्या बोटावर विश्वास ठेवून बसले होते, स्वतःवर नाही.

अर्ज सोमवारी अकरापर्यंत घेतात. मी लिहून ठेवला आहे, सही केलेली नाही. उसवू, ठेवू, की जाऊ देऊ, ते रविवारपर्यंत कळव.